मस्तुराचं झाडलेलं दार

अल्लाला हजर जाणून मी, सालोमत इर्गाशेवा, वय ७६, दहावी पास, घरकाम, राहणार मर्गिलान, कोणाच्याही दडपणाशिवाय हे मृत्युपत्र लिहून ठेवते. गुडघे गेले आहेत, डोकं जाग्यावर आहे.

१. घर सहा खोल्यांचं. धर्माप्रमाणे एक तृतीयांश माझ्या मर्जीचा, म्हणून अंगणाकडच्या दोन खोल्या नात ओयदिन हिला. उरलेल्या चार मुलगा बहोदिर यास. ओयदिनला फर्गान्याला नर्सिंग शिकायचं आहे. बहोदिर म्हणतो, "आई, चांगलं स्थळ आपणहून दारात आलंय, पुन्हा येणार आहे का?" स्थळं दारात कशी येतात ते मला विचारा.

२. मी सतरा वर्षांची होते. शेजारच्या मस्तुराला ताप होता, म्हणून सकाळी आमच्यानंतर तिचंही दार मी झाडलं. मुली पाहायला निघालेल्या दोन अनोळखी बायका गल्लीत आल्या. झाडलेल्या दारावरूनच घरातली मुलगी जोखायची रीत.

"पोरी, हे दार कुणाचं गं? पाचोळ्याचं एक पान नाही!"

"मस्तुराचं," मी म्हणाले. झाडलं कुणी ते त्यांनी विचारलं नाही, आणि आपणहून सांगणं शोभलं नसतं. त्या आत गेल्या. वळणापुढच्या आमच्या दारापर्यंत आल्याच नाहीत.

मस्तुराला मास्तर मिळाला, संध्याकाळी तिला पेपर वाचून दाखवणारा. मला वर्षभराने हमरोकुल मिळाला. अल्ला त्याला माफ करो, मी अजून केलेलं नाही. मस्तुरा दर लग्नात सांगते, "सासूबाईंनी नुसतं दार बघून मला पसंत केलं हो!" मी चहा ओतत राहते.

३. म्हणून ओयदिनचं शिक्षण संपेपर्यंत या घरात तिला पाहायला येणाऱ्या कुणालाही चहा देऊ नये. बहोदिरने दिला, तर त्याच्या चारपैकी एक खोली मशिदीला जाईल.

४. नानवर नक्षी उठवायचा ठसा सुनेला. आजवर न विचारता वापरलास, बाई. आता विचारायला कुणी नाही.

५. माझा जनाजा निघेल त्या सकाळी माझं दार मस्तुराने झाडावं, दुसऱ्या कुणी नाही. कंबर दुखते म्हणेल. तिच्यासाठी थांबावं. जमलेल्या बायकांपैकी कुणीतरी विचारेलच, "किती लख्ख! दार कुणाचं?" तिने "सालोमतचं" एवढंच म्हणावं. झाडलं कुणी, ते सांगू नये.

सही: सालोमत इर्गाशेवा
मर्गिलान, १४ ऑक्टोबर २०२५

साक्षीदार:
१. अब्दुवोहिद, मोहल्ल्याचे मुखिया
२. मस्तुरा, शेजारीण. सगळं वाचून ऐकवलं. पाचवं कलम तिने दोनदा वाचायला लावलं, मग सही केली.