अर्धा भागाकार

अकोला, २ मार्च १९३८
शाळेत मराठीचे तास. घरी इंदूचं गणित. तिला शिकवायला दुसरं कोणी नाही म्हणून मी. इंटरची परीक्षा तोंडावर. आईची परवानगी एकाच खेपेची. "एक डाव बस. नाही जमलं तं पुस्तकं बांधून ठेव, सूनबाई."

अकोला, ५ मार्च
तिरप्या अनंतस्पर्शी रेषा. वक्र दूर जाताना जिच्या जवळ जवळ सरकत राहतो, ती रेषा शोधायची. उदा. (क्ष² + ३क्ष) ÷ (क्ष + १).
इंदू शिस्तीत भागाकार मांडू लागली. मला कंटाळा. म्हटलं, वरचं मोठं पद खालच्या मोठ्या पदानं भाग. क्ष आला. संपलं. य = क्ष.
"अन् बाकी?"
"तितक्या दूर गेल्यावर बाकीले कोण पुसते?"
हसली. पुढचं गणित.

अमरावती, १२ मार्च
तिच्या मावशीकडे उतरलो आहोत. आज गणिताचा पेपर. ती आत, मी बाहेर लिंबाखाली, तिचं पुस्तक चाळत.
सोडवलेलं उदाहरण, त्याच जातीचं. भागाकार पहिल्या पदावर थांबत नाही. आमच्या गणितात २क्ष उरतात, म्हणजे अजून भाग जातो. उत्तर क्ष + २. मग बाकी उणे दोन. दूर गेल्यावर विरते ती ही. वक्र कितीही दूर गेला तरी माझ्या रेषेजवळ सरकणार नाही. दोनाचं अंतर उरेलच.
वर-खाली सारखा घात असला तर माझी रीत चालते. तीच इथे लावली. पुस्तक आधी उघडलं असतं तर

त्याच दिवशी, संध्याकाळी
तसंच गणित आलं होतं. टांग्यात तिला खरं सांगितलं.
"मी पुढं भागलं होतं," ती म्हणाली. "दोन आले होते. मंग तुमचं आठवलं. खोडून टाकलं."
टांगा वळला तशी पुन्हा म्हणाली,
"शाळेत कविता बी अशाच अर्ध्यात सोडता का हो?"


अकोला, १९ मार्च
बाकीचा पेपरही काठावरचाच, म्हणते. त्या एका गणितावर ती वर किंवा खाली.
पुस्तकं अजून खिडकीत. बांधली नाहीत.

अकोला, ८ एप्रिल
जेवताना आईनं विचारलं, "होते का पास?"
आत्ताच सांगायचं होतं. चूक माझी; नापास झाली तर तिला आणखी एकदा बसू दे. शब्द तयार होते.
म्हणालो, "निकाल तं लागू दे."
इंदू वाढत होती. आई हात धुवायला उठली तेव्हा हळूच म्हणाली, "निकाल लागल्यावर तरी आईले खरं सांगान का?"
हो म्हटलं.
तिनं माझ्याकडे पाहिलं नाही. आईचं ताट उचललं.