परावलंबी म्हणे!

३ जून, सकाळी
सरकारला अक्कल नाही. सुनेची बदली केली. सरकारी दवाखान्यात नर्स आहे ती. आता पार लांबच्या गावी, दोनदा गाडी बदलून जायचं. मुलगा गेल्यापासून घरात आम्ही तिघीच: मी, ती आणि नात. तिकडे तिला एकच खोली मिळणार, तीही तिसऱ्या मजल्यावर. माझे गुडघे जिना मानत नाहीत, म्हणजे मी इथेच. माझं काही अडत नाही. पण माझ्यावाचून या दोघींचं पान हलत नाही. बदली रद्द करून आणणार. ठरलं.

५ जून
सुनेने अपील लिहिलं. कारण काय, तर ‘सासू वृद्ध व परावलंबी’. मी म्हटलं, परावलंबी कोणाला म्हणतेस गं? म्हणाली, आई, असंच लिहावं लागतं. मी म्हटलं, लिही की, सुनेला सांभाळायला सासू लागते. नात फिदीफिदी हसली. कार्टी.

११ जून
डॉक्टरकडे सर्टिफिकेटसाठी. विचारतो, आजी, पडता का? म्हटलं, मी नाही पडत, न्हाणीघराची फरशी निसरडी आहे. त्याने लिहिलं, वारंवार पडतात. लिहू दे. त्याचं अक्षर कोणाला लागणार आहे!

१९ जून
उद्या ऑफिसातली बाई चौकशीला येणार. सून म्हणाली, आई, पलंगावर नुसतं बसून राहायचं, काही करायचं नाही. एवढं जमेल ना? न जमायला काय झालं!

२० जून
झकास झालं. मी पलंगावर, अंगावर शाल, तोंड पाडून. बाईने इकडेतिकडे पाहिलं. म्हणाली, सुनेने घर अगदी लख्ख ठेवलंय हो. सुनेने! म्हटलं, बाई, हे सगळं मी करते. सून खोकली. बाईला खरं वाटेना, म्हणून उठले, स्टुलावर चढले, वरचा बिस्किटांचा डबा काढला. कोपरे दाखवले, एक जाळं नाही. चहाही माझ्याच हातचा. बाई म्हणाली, आजी, तुम्ही तर आम्हाला लाजवाल. खूश होऊन गेली. सुनेचं तोंड मात्र एवढंसं. तिला कोणाचं कौतुक बघवत नाही.
संध्याकाळी पाय टेकवेना. सुनेने शेकला. भांडली असती तर बरं झालं असतं.

२ जुलै
अपील फेटाळलं. ‘सासू स्वावलंबी असल्याचे प्रत्यक्ष आढळले.’ सरकारला तेवढं तरी कळलं. म्हटलं, पुन्हा अपील कर, साहेबासमोर पडून दाखवते. सून म्हणाली, राहू दे आई. बॅग भरताना नात रडली. मी नाही.

८ जुलै
गेल्या. घर मोकळं झालं. छान वाटतंय. सवयीने चहा तिघींचा टाकला. तिघींचा प्यायले. शेजारणीला लक्ष ठेवायला सांगून गेलीय सून. काही गरज नव्हती.

१३ जुलै
फरशी पुन्हा निसरडी झाली. हाका मारल्या तेव्हा शेजारीण आली. पाय प्लास्टरमध्ये. पाणी प्यायचं तरी तिची वाट बघायची. सुनेला कळलं तर नोकरी टाकून येईल, वेडी. मी बोलले तर आवाजावरून ओळखेल. म्हणून शेजारणीला बजावलंय: तिचा फोन आला की तूच उचलायचा. सांगायचं, म्हातारी स्टुलावर चढून जाळी काढतेय, हात मोकळा नाही.