आईच्या घावण्यातलं अंडं

४ ऑगस्ट, सोम.
आई पॅसेजमध्ये पडली. हाड वाचलं. "पायाखाली जमीन लागतच नाय गो." तळपाय महिनाभर बधिर! आत्ता सांगतेय. बाबा गेल्यापासून मासे-अंडी बंद, दूध तर आधीपासून नको. मी ऑफिसला गेले की कोरा चहा-बटर नाहीतर भात-लोणचं.

७ ऑगस्ट
रिपोर्ट आला. बी-१२ खूपच कमी, हिमोग्लोबिनही. डॉक्टर म्हणाले, "भाताने पोट भरतं, आजी. पण अंग धरायला डाळ, उसळ, दही हवं. रक्ताला पालेभाजी. आणि बी-१२ मासे, अंडी, दुधातून." इंजेक्शनं सुरू.
घरी येऊन म्हटलं, मासे खा ना परत.
"तुझ्या बापाशीक वाढल्याबिगर मियां कधी मासे खाऊक नाय. आता कोणाक वाढू?"


१२ ऑगस्ट
घावण्याच्या पिठात एक अंडं फेटून घातलं. तिला न सांगता. तीन खाल्ले. "आज मऊ झाले हत." मी बेसिनकडे तोंड करून भांडी घासत राहिले.

१५ ऑगस्ट
चार दिवस रोज घावणे. आज पार्ल्याहून मावशीचा फोन. आई तिला सांगत होती, "चेडू माझो नेम सांभाळून करता हां सगळा." चेडू म्हणजे मी, तिची लेक.
ऐकवेना. फोन ठेवल्यावर सांगून टाकलं.
उठली, चूळ भरली, आतल्या खोलीत गेली. दुपारपासून पाण्याशिवाय काही नाही.

१८ ऑगस्ट, सोम.
अबोला. जेवते थोडं, पण स्वतः वाढून घेऊन. आज इंजेक्शनला एकटीच रिक्षाने गेली. अशा पायांनी! शेजारणीचा फोन आला तशी हाफ डे टाकून धावले. आई परत येऊन घरात खुर्चीत बसलेली.
"माका काय व्हया तां डॉक्टराक इचारलंस. माका इचारलंस?"
"घाबरले गं. बाबांनंतर तूही..."
मग, "चवळीची उसळ कर. भूक लागली."
दोन वाट्या खाल्ल्या, वर दही. माझ्याकडे बघितलं नाही, पण उठताना माझंही ताट उचललं तिने.

२४ ऑगस्ट, रवि.
पायाच्या अंगठ्याला मुंग्या येतात म्हणते. डॉ. म्हणाले, चांगलं आहे, जाणीव परततेय, वेळ लागेल. उसळी, डाळ, पालेभाजी चालू. अंड्याचा विषय मी काढत नाही.
पिशवी घेऊन निघाले, तर मागून, "बाजारात बांगडे इले हत काय बघ."
"आणू?"
"बघ म्हटलंय."