अंगठा हाय तर बोलणं माझं

८ सप्टेंबर, सोमवार
आले एकदाची लातूरला. अर्धापुरातून एसटीनं, मांडीवर केळीच्या दोन फण्या घेऊन. खोली माडीवर हाय, उजेड चांगला. खाली गल्लीत नुसती क्लासची पोरं, ज्याच्या त्याच्या पाठीला दप्तर, जसं काय सगळं गावच परगावी निघालंय. नात आरती डॉक्टर होणार, म्हणून तिला भाकरी करून घालायला मी केवळाबाई आले. भागवतनं, माझ्या लेकानं, ही वही दिली. म्हणाला, आई, पोरीचं रोजचं लिहून ठेव, मी आलो की वाचीन. मला अक्षर येत न्हाई. मी सांगते, आरती लिहिते. चोराच्याच हाती किल्ल्या. म्हणून खाली शाईचा अंगठा मारते. अंगठा हाय तर बोलणं माझं.

१० सप्टेंबर
आरतीच्या फोनात रुद्राणी नावाची नटी राहायला आलीय. चाहत्यांसाठी तिनं स्वतःचं अ‍ॅप काढलंय. वर्गणी भरली की नाव घेऊन बोलते. सकाळीच विचारते, आरती, जेवलीस का. मी म्हटलं, भाकरी थापून राहिले मी, अन् विचारपूस हिची. आरती हसली. हे पण लिही म्हटलं. लिहिलं म्हणाली. देव जाणे.

१३ सप्टेंबर
नटीनं आज घरच्या वडीलधाऱ्या माणसाचा आवाज मागितला. मला कोण विचारतंय एरवी. मी आरतीची ओवी म्हटली. तिच्या पाळण्यापाशी मीच रचलेली, आम्हा दोघींशिवाय कुणाला ठाऊक न्हाई.

केळीच्या बागेमंदी पानाला पान दाट
आरती माझी चिमणी, बघते मी तिची वाट

मग पडद्यावर अंगठा मागितला. रेशनला देते, बँकेत देते, इथंबी दिला. कशाला पाहिजे ते मला कधी कुणी सांगितलंय? नटी लई गोड हसली.

१६ सप्टेंबर
आरती क्लासला गेली न्हाई. दुपारभर नटी माझी ओवी म्हणत होती. म्हणू दे. पण मधेच खोकली. तो खोकला माझा. मग आरतीला चिमणे म्हणाली. आरती म्हणे, आजी, किती मायेनं बोलते बघ. मी म्हटलं, ऐक, खरी ओवी ऐक. म्हणायला गेले तर दुसरी ओळच आठवेना. लेकराला विचारायची लाज वाटली. अंगठा निम्माच उमटला. शाई वाळली असंल.

१८ सप्टेंबर
आवाज बसलाय, आरतीच्या कानाशी कुजबुजून सांगते. पोरगी दोन दिवस जेवली न्हाई, अंघोळ न्हाई, फोन गालाशी धरून बसलेली. भागवतला फोन लाव म्हटलं. रविवारी ये म्हणावं, घेऊन जा हिला. लावला. मी तोंड उघडायच्या आत फोनातून माझाच आवाज बोलला. पोरगी बेस हाय म्हणाला. डॉक्टरीण झाली की आधी माझेच गुडघे चिरंल म्हणाला. येऊ नको म्हणाला. भागवत पोट धरून हसला. मी ओरडले तर नुसता वारा निघाला.
अंगठा चार वेळा मारला. कागद कोरा.

२० सप्टेंबर
बोलवत न्हाई — एकेक शब्द — आरती लिहिते, पण कान फोनाकडं — माझं लिहिते का तिचं — मला कसं कळावं — चार अक्षरं शिकले असते तर — चिमणे, ठेव तो — इकडं बघ, मी इथं —

२१ सप्टेंबर, रविवार
आज कशी खणखणीत हाय मी. आवाज मोकळा झाला. आरतीला आता माझ्या तोंडाकडं बघायची गरज न्हाई, फोनातूनच सगळं लिहून घेते. ओवीची दुसरी ओळ पण आठवली. भागवत, वाचशील तेव्हा घोर करू नको, आम्ही दोघी मजेत हाव. फक्त खोलीत एक म्हातारी बसून असते. बोलत न्हाई, जेवत न्हाई, आरतीकडं बघून डोळे पुसते. सकाळपासून शाईत अंगठा बुडवून वहीकडं सरकून राहिली. तिचा अंगठा इथं लागू देऊ नको, चिमणे. वही मिट. मिट म्हणते ना, तिचा हात —