मिस हॅलमचा सापडलेला चित्रपट

ॲन आर्बर, १२ जानेवारी १९८४

ती. मालिनीमावशीस,
कांचनचा साष्टांग नमस्कार, वि. वि.

इथे गुडघाभर बर्फ आहे. उल्हास रोज सकाळी फावड्याने गाडी उकरून काढतो आणि तुमच्या मिरजेच्या उन्हाचं नाव घेतो.

मी ज्या वृद्धाश्रमात नर्स आहे, तिथल्या मिस हॅलमबद्दल तुलाच लिहावंसं वाटलं, कारण तूही लग्नाआधी नाटकात होतीस. या मूळच्या इंग्लंडच्या. तेराव्या वर्षी फिरत्या नाटक कंपनीत शिरल्या, पुढे लंडनला नाव झालं, नऊ मूकपट केले. बोलपट आले आणि सिनेमातली कामं थांबली. मग एका नाटकाबरोबर अमेरिकेत आल्या, डेट्रॉइटच्या एका पियानो दुरुस्त करणाऱ्याशी लग्न केलं आणि इथल्याच झाल्या. आता सत्त्याऐंशीच्या आहेत. जेवणाच्या टेबलावर रोज आपल्या अभिनयाचे किस्से सांगतात. चित्रपट मात्र एकही उरला नाही, असंच सगळे धरून चालले होते.

तर गेल्या आठवड्यात युनिव्हर्सिटीतून फोन आला. एका बंद थिएटरच्या माळ्यावर त्यांचा एक चित्रपट सापडलाय, मार्चमध्ये दाखवणार, बाईंनी यावं. मला वाटलं, नाचतील. पण त्यांनी तब्येतीचं कारण कळवायला लावलं. मला हळूच म्हणाल्या, की मी उत्तम नटी होते असं इतकी वर्षं सांगत आले. आता पुरावा निघालाय, तो उलटा असला तर या टेबलावर कुठल्या तोंडाने बसू?

उल्हास म्हणतो, यार, तू फार मनाला लावून घेतेस. तू सांग, काय करू? काकांना नमस्कार.

तुझ्या पत्रावर डोळे लावून बसलेली,
कांचन


मिरज, २ फेब्रुवारी १९८४

चि. सौ. कांचनला अनेक आशीर्वाद.

बाईंची भीती मला नेमकी कळली. मी दोन वर्षं कंपनीत होते. टाळ्या पडायच्या, पण मी चांगली होते की नुसतीच तरुण होते, हे मला आजही ठाऊक नाही. विचारणार कुणाला? त्यांना सांग, वाईट निघालं तरी ते उत्तर असेल. मला मिळत असतं, तर मी पदर खोचून चालत गेले असते.

पण ओढून नेऊ नकोस. दाराजवळच्या खुर्च्या धर, म्हणजे वाटलं तर उठता येईल. उल्हासरावांना कानटोपी घालायला सांग. यांचा खोकला कमी आहे.

आहे ती माया वाढती राहो,
मालिनीमावशी


ॲन आर्बर, १९ मार्च १९८४

ती. मावशीस सा. न. वि. वि.

आल्या! तुझं पत्र इंग्रजीत करून सांगितलं. दोन दिवसांनी म्हणाल्या, निळा ड्रेस इस्त्रीला दे.

चित्रपटात त्या कोळ्याची बायको झाल्यात. सुरुवातीला नुसते डोळे फिरवणं आणि कपाळावर हात. पोरं खुसखुसायला लागली. पण सगळ्यांत मोठ्याने हसल्या त्या बाईच! पवनचक्कीसारखे हात फिरवतेय बघ, म्हणाल्या.

मग नवऱ्याची होडी बुडाल्याची बातमी येते. बाकीच्या बाया छाती पिटतात. ही पाव कापत असते, ती कापतच राहते. एक तुकडा त्याच्या ताटलीत ठेवते, परत उचलते, आणि तो कुठे ठेवावा हेच तिला कळत नाही. मावशी, हॉलमध्ये कुणी खोकलंसुद्धा नाही. बाईंनी माझं मनगट घट्ट धरलं होतं.

हे सुचलं कसं, असं एका मुलीने नंतर विचारलं. बाई म्हणाल्या, दिग्दर्शकाला मी बेशुद्ध पडायला हवं होतं. पण खाली चिखल होता आणि कपडे माझे स्वतःचे होते.

गाडीत बसल्यावर म्हणाल्या, नऊ चित्रपटांत अडीच मिनिटं, पण तेवढा वेळ मात्र मी खरंच चांगली होते. आणि झोपल्या. आता टेबलावर स्वतःच्या फिरवलेल्या डोळ्यांची नक्कल करून दाखवतात.

तुझीच,
कांचन


मिरज, ६ एप्रिल १९८४

चि. सौ. कांचनला अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र यांना मोठ्याने वाचून दाखवलं. लग्नाला एक्केचाळीस वर्षं झाली, यांनी माझ्या नाटकाबद्दल एक अक्षर कधी विचारलं नव्हतं. मी समजत होते, आवडत नसेल. तर पत्र संपल्यावर म्हणाले, तू दुसऱ्या अंकात प्रेक्षकांकडे पाठ करून उभी राहायचीस, तेव्हा मला स्टेजवर दुसरं कुणी दिसत नसे.

मी हातातलं पत्र खालीच ठेवलं. लग्न ठरायच्या आधी सांगलीला तीन वेळा आले होते म्हणे, शेवटच्या रांगेत. तुला नाटक सोडावं लागलं, ते आठवून त्रास होईल म्हणून कधी विषय काढला नाही, म्हणाले.

मी चांगली होते का, असं शेवटी विचारलंच. बराच विचार करून म्हणाले, हो. पण पहिल्या अंकात वाक्यं गिळायचीस.

त्यावरून आठ दिवस आमचं भांडण चाललंय, आणि फार मजेत आहोत.

बाईंना माझा नमस्कार सांग. लोभ आहेच, तो असाच दूरवर पोचत राहो.

मालिनीमावशी