अंगावरचा टाका

धुळे, १० ऑक्टोबर १९६६
आले एकदाची! सावद्याहून येताना एस.टी.नं हाडं खिळखिळी केली, पण पुखराजशेठचं कापडदुकान पाहून जीव हरखला. खाली दुकान, वर माडीवर आमचं शिवणकाम, जेवण-राहणंही तिथंच. दिवाळीचा माल शिवून झाला की घरी. निमीला माझ्या आईजवळ ठेवून आलेय. सहा वर्षांच्या लेकीला नवा फ्रॉक कबूल केलाय. नाही नेला तर बाईसाहेब वर्षभर अबोला धरतील.

माडीवर आणखी दोघी आहेत, दोंडाईच्याच्या शेवंताबाई आणि लताबाई. मशीन आहे, पण काजं, हूक, तुरपाई सगळं हातानं. शेवंताबाईंनी चहाच्या आधी बजावलं, "आंगवर शिवू नको, माय." उसवलं तर काढून शिवायचं. आमची आईही हेच सांगते. मी हसून हो म्हटलं.

१९ ऑक्टोबर
खाली एक बाई मी शिवलेल्या पोलक्याची तुरपाई बोटांनी चाचपत होती. कुणी शिवलं, म्हणाली. शेठ म्हणाले, मुंबईचा मशीनचा माल. असा संताप आला! जिन्यात उभी राहून मुद्दाम खोकले. कुणी वर बघितलं नाही.

या दोघी अंगावरची पोलकी कधीच बदलत नाहीत. अंघोळही त्यातच. विचारलं की शेवंताबाई मशीनचं चाक जोरात फिरवतात.

८ नोव्हेंबर
माल संपला! निमीचा फ्रॉक पिशवीत भरला, घेराची तुरपाई घरी करेन. निघताना नेमका पोलक्याचा हूक तुटला. एस.टी. चुकली असती, म्हणून अंगावरच टाका घालून लावला. शेवंताबाईंच्या हातून कात्री पडली. त्या रडायलाच लागल्या.

संध्याकाळी
जिन्यापर्यंत जाते आणि पोलकं मागं ओढतं. हूक निघत नाही. दोरा कापला तर रक्त आलं— दोघींच्या पोलक्यांवर तसाच टाका आहे. शेवंताबाई म्हणाल्या, "आते तू बी आमनीच शेस." म्हणजे आता मीही त्यांच्यातलीच.

१२ नोव्हेंबर
खाली दिवाळीची गर्दी. घसा फुटेस्तोवर ओरडले. लोक शिवण बघतात— वर बघत नाहीत. शेठ मायेनं म्हणाले, लेकीची आठवण येते ना, तिलाच आणवतो. पिशवीतला फ्रॉकही घेऊन गेले. नको म्हटलं, पाया पडले—

१५ नोव्हेंबर
हात थांबत नाहीत. मी आवरते, ते शिवतात.

१६ नोव्हेंबर
निमी आली. तोच फ्रॉक घातलाय. घेर लोंबतोय. मांडीवर बसून म्हणतेय, आई, शिवून दे. काढ म्हणतेय मी, आधी अंगावरून— डाव्या हातानं सुई उचललीय— शेवंताबाई, माझा हात धरा, धरा— निमे, फ्रॉक काढ, का—