बाबांच्या भूमिकेत

१४ नोव्हेंबर
आज प्रयोग. बाबांचा शर्ट घालून, उजवी मूठ मिटून, पाय ओढत तासभर मी बाबा झाले. उन्हाळ्यातल्या पक्षाघाताच्या झटक्यानंतरचे बाबा. खरे बाबा पहिल्या रांगेत. येरवड्याहून कात्रजपर्यंत रिक्षात मीटरकडे बघत बसले. घरी आल्यावर म्हणाले, "इतका वाईट चालत नाही मी." झालं परीक्षण.
सिनेमावाला निखिल मात्र थांबला होता. हाच रोल पडद्यावर करशील का म्हणाला. करशील का काय! आठ वर्षं तळघरांत नाटकं केली ती कशासाठी?

२ डिसेंबर
निखिल घरी आला, 'मूळ माणूस' बघायला. बाबांनी डाव्या हाताने चहा सांडला. हा बघतच राहिला. जिन्यात म्हणाला, "काकांनाच घेऊ या. तू छान करतेस गं, पण ते करत नाहीयेत ना."
मग मुलीचा रोल?
"दुसरी घेतलीय. तू त्यांची मुलगी वाटत नाहीस."
जन्मभर 'नाटकं बंद कर' म्हणणारा माणूस संध्याकाळी आरशासमोर भांग पाडत होता. मेल्याहून मेल्यासारखं झालं.

३ डिसेंबर
फिजिओ म्हणते, नेटाने व्यायाम केला तर दोन महिन्यांत हात उघडेल. शूटिंग फेब्रुवारीत. हात उघडला की निखिलला बाबा नकोत. मग उरते मीच.

२० डिसेंबर
सकाळ-संध्याकाळ चेंडू दाबायला लावते. रडकुंडीला येतात. येऊ देत. पाढे चुकले की मला असंच रडवायचे. वरच्या लेले काकू म्हणाल्या, "मुलगी असावी तर अशी." मी मान खाली घातली. त्यांना तो विनय वाटला.

४ जाने.
हात उघडत नाही. फिजिओ चक्रावलीय.

९ जाने.
कळलं. आज बाबांचा अंगठा मुठीच्या आत होता. झटक्यानंतर बाबांचा अंगठा कायम बाहेर असायचा. आत मी घेतला होता, प्रयोगात, दिव्याखाली बरा दिसतो म्हणून. म्हणजे बाबा माझ्या प्रयोगातल्या हाताची नक्कल करताहेत.
विचारलं तर मूठ उघडली. पाची बोटं सरळ. परत मिटली. "तुझ्यापेक्षा बरं जमतं." राग आला. त्याहून जास्त हेवा वाटला, कारण जमतंय खरंच.

१० जाने.
चहाला बसलो तेव्हा म्हटलं, निखिलला सांगणार आहे. अहो, बरे झालात तुम्ही, आनंद नाही का त्याचा?
कप बाजूला ठेवून म्हणाले, "मी बरा झालो तर तुला काम मिळेल. मला काय मिळेल?"
हॉलमधली खुर्ची, टीव्ही आणि मी. हे ओठांवर आलं होतं, गिळलं.
निखिल उद्या कॅमेरा घेऊन येतोय. फोनवर विचारत होता, "काकांचा हात आहे ना तसाच?" बाबा समोरच. ये, बघ, एवढंच म्हटलं.
आत्ता आतून हाक मारताहेत. पाय आता सरळ पडतो, तो कसा ओढायचा, एकदा करून दाखव म्हणताहेत. मी अजून उठलेले नाही.